घाटाखालचा पत्रा
चाकांचा महाराष्ट्र : भाग ७

अलिबागला चुंबकीय वेधशाळा आहे, हे पुष्कळांना शाळेच्या सहलीमुळं ठाऊक असतं. ती इथं का आली, हे मात्र सहलीत कुणाच्या लक्षात राहत नाही. पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी पूर्वी मुंबईत, कुलाब्याच्या वेधशाळेत होत असत. विसावं शतक उजाडता उजाडता मुंबईतल्या घोड्यांच्या ट्राम जाऊन विजेच्या ट्राम येणार असं दिसू लागलं. विजेचा प्रवाह जवळून धावू लागला की चुंबकसुई बावचळणार, नोंदी कवडीमोल होणार. तेव्हाचे संचालक नानाभॉय मूस यांनी खाडीपलीकडची जागा निवडली आणि १९०४ साली वेधशाळेचं काम अलिबागला सुरू झालं. इमारत पोरबंदरी दगडाची, खिळे-बिजागऱ्या तांब्या-पितळेच्या. लोखंडाला आत मज्जाव.

थोडक्यात, मुंबईतल्या वाहनांनी हुसकावलेली ही संस्था अलिबागला आली, कारण इथं फिरतं लोखंड नव्हतं. शनिवारी सकाळी अलिबागच्या वाटेवर वडखळ नाक्यावर दोन तास अडकलेल्या माणसाला हे सांगून बघा.

गेल्या आठवड्यात आपण चाकणला होतो. रोबोंचे हात, जोडणीच्या ओळी, तिथून बंदराकडे निघालेल्या गाड्या वगैरे पाहिलं. तिथून एकदम अलिबागला उतरल्यामुळं वाचक बुचकळ्यात पडतील. अलिबागात मोटारी बनत नाहीत, बनल्याही नाहीत. पण वाहन उद्योगाची गोष्ट फक्त जोडणीच्या ओळीवरूनच सांगायची म्हटलं तर ती लग्नाच्या अल्बमसारखी होते. सगळे नटलेले, आणि आधीचं-नंतरचं काहीच दिसत नाही. आधीचं आणि नंतरचं पाहायचं तर घाट उतरावा लागतो.

आधी 'आधीचं'. पेणहून अलिबागला येताना, धरमतरच्या पुलाअलीकडे डोलवीचा पोलाद कारखाना लागतो. २०१० च्या अखेरीस तो जेएसडब्ल्यूकडे गेला, तरी आसपासची जुनी माणसं अजून त्याला 'इस्पात'च म्हणतात. त्याची क्षमता आता वर्षाला एक कोटी टनांची आहे. कच्चा माल बार्जमधून खाडीनं येतो. पुलावरून जाताना त्या बार्ज भरतीच्या पाण्यात म्हशींसारख्या डुंबलेल्या दिसतात. इथून पोलादाची गरम लाटलेली गुंडाळी, म्हणजे कॉइल, बाहेर पडते. तिच्यातून पाइपापासून पत्र्यापर्यंत अनेक गोष्टी होतात.

रायगड जिल्ह्याच्या दक्षिणेला, माणगाव तालुक्यात, ताम्हिणी घाटाच्या पायथ्याशी विळे-भागाडची औद्योगिक वसाहत आहे. तिथं कोरियाच्या पॉस्को कंपनीचा कारखाना आहे, आणि त्याचं मुख्य गिऱ्हाईकच मुळी वाहन उद्योग. २०१२ मध्ये तिथं पत्र्यावर जस्त चढवण्याची ओळ सुरू झाली, मग थंड लाटणीची. तिकडं वर खोपोलीला १९६० च्या दशकात महिंद्र युजीनचं मिश्रपोलाद बनू लागलं. गिअर, ॲक्सल, क्रँकशाफ्ट असे, रोज मार खाणारे भाग ज्यातून घडतात ते पोलाद. थोडक्यात, गाडीचं कातडं आणि हाडं यांचा बराचसा माल रायगडात तयार होतो, घाट चढतो, आणि गाडी होऊन पुन्हा खाली येतो. गाडीची किंमत वाढते ती वर. वजन तेवढं खाली.

असं का झालं? 'कोकणावर अन्याय' हे तयार उत्तर आहे, आणि ते अगदीच खोटं नाही. पण पुरेसंही नाही. मुंबईत जागा संपत आली होती. राज्याला कारखाने शहराबाहेर हवे होते. १९६२ मध्ये एमआयडीसी स्थापन झाली आणि पिंपरी-चिंचवडच्या माळावर सलग, सपाट, कोरडी जमीन मिळू लागली. शेजारी खडकीचे दारूगोळा कारखाने, किर्लोस्कर ऑइल इंजिन्स, पुण्याचं इंजिनिअरिंग कॉलेज. लेथवर हात बसलेला कामगार तिथं आधीच होता. बजाज ऑटो आकुर्डीला, टाटांची टेल्को पिंपरीला गेली, आणि त्यांच्या मागं नट-बोल्टवाल्यांपासून गॅस्केटवाल्यांपर्यंत सगळं गोत गेलं. मोटारीच्या कारखान्याला एकटं राहणं जमत नाही. शेकडो छोटे पुरवठादार अर्ध्या दिवसाच्या अंतरावर लागतात.

कोकणात काय होतं? खारजमीन, खाड्या, तीन-चार महिने कोसळणारा पाऊस आणि भातखाचरांचे तुकडे. इथं आले ते रासायनिक कारखाने. रोहा, महाड, पाताळगंगा. त्यांना भरपूर पाणी हवं होतं, आणि वापरलेलं पाणी सोडायला खाडी. ही दुसरी सोय कुणी भाषणात सांगितली नाही एवढंच.

आता 'नंतरचं'. त्यासाठी अलिबागच्या एसटी स्टँडबाहेर उभं राहावं. एके काळी, आणि तो काळ फार जुना नाही, तिथं सहा आसनी तीनचाक्यांची रांग असे. रेवदंडा, चौल, पोयनाड, रेवस. ड्रायव्हर गावाचं नाव असं ओरडणार की ते नाव आहे की शिवी, परक्याला कळू नये. दोन जातींच्या गाड्या होत्या, 'विक्रम' आणि 'मिनिडोर'. विक्रम लखनौची, स्कूटर्स इंडिया या सरकारी कंपनीची. मिनिडोर आपल्याकडची, आकुर्डीच्या बजाज टेम्पोची. सहा आसनी हे कागदावर. प्रत्यक्षात ड्रायव्हरच्या मांडीला मांडी लावून दोन्ही बाजूंना एकेक, मागं आणखी, मासळीच्या पाट्या टपावर, आणि हंगामात पांढऱ्या कांद्याच्या माळा हूकला लटकलेल्या. इंजिनाची थरथर दातांपर्यंत पोचायची. चौलपर्यंत जाऊन उतरलं तरी अर्धा तास अंग आतून हलत राही.

बजाज टेम्पोची गोष्ट इथं सांगायलाच हवी, कारण तिनं आपल्या भाषेलाही एक शब्द दिला. नवलमल फिरोदियांनी १९५८ मध्ये जर्मनीतल्या हॅम्बुर्गच्या 'टेम्पो' या गाडीच्या कंपनीशी सहकार्य करून इथं तीनचाकी मालगाडी बनवायला घेतली. आधी मुंबईत गोरेगावला, मग आकुर्डीला. ही गाडी इतकी फिरली की नाव गाडीतून सुटलं. आज मराठीत 'टेम्पो करून सामान आणलं' म्हणताना कुणाला हॅम्बुर्ग आठवत नाही, आणि येणारी गाडी भलत्याच कंपनीची असते. १९६९ मध्ये आलेल्या मॅटाडोरचंही तसंच झालं. आणि रायगडात मिनिडोरचं. खुद्द कंपनीनं २००५ मध्ये आपलं नाव बदलून फोर्स मोटर्स केलं, पुढं तीनचाकी बनवणंही सोडलं, पण आमच्याकडे 'मिनिडोरनं ये' हे अजून कानावर येतं. कंपनीला नाव टाकता आलं, गिऱ्हाइकाला नाही.

एसटी स्टँडबाहेरच्या रांगेत अलीकडे चारचाकी इको उभ्या दिसतात. ती मारुतीची, म्हणजे हरियाणातल्या कंपनीची. दुसरी मॅजिक, टाटांचीच, पण तिच्या घराण्याची मूळ गाडी 'एस', जी २००५ मध्ये पुण्यात जन्मली, ती दोन वर्षांत उत्तराखंडातल्या पंतनगरला गेली. केंद्रानं डोंगरी राज्यांना अबकारी करात सूट दिली होती, तिचा हा परिणाम. बजाजनंही त्याच सुमारास पंतनगरला कारखाना काढला आणि २००७ मध्ये आकुर्डीतलं उत्पादन थांबवलं. कर हलला की उद्योग किती चटकन गाठोडं बांधतो, ते आकुर्डीनं पाहिलं. तळेगावची कथा वेगळी. जनरल मोटर्सनं २०१७ मध्ये भारतातली विक्री बंद केली, निर्यातीसाठी गाड्या बनवणंही २०२० च्या अखेरीस थांबवलं, आणि तो कारखाना पुढं ह्युंदाईनं घेतला. त्यावर स्वतंत्र भाग होईल.

माझा मुक्काम या वेळी मात्र एका गॅरेजात होता. रेवदंड्याच्या रस्त्याला, पत्र्याची शेड, समोर सुपारीची वाडी, वाऱ्याची दिशा असेल तशी समुद्राची गाज. मेस्त्री मोटारीचं इंजिन बघत नाहीत. ते पत्र्याचे माणूस. समोर एक पांढरी चारचाकी उभी होती. कुठल्या कंपनीची, ते सोडून देऊ. वरून चकचकीत, सात-आठ वर्षांची. मेस्त्रींनी दाराखालची पट्टी बोटाच्या पेरानं ठोकत नेली. टक, टक, टक, आणि मग एके ठिकाणी आवाज बसका झाला. तिथं त्यांनी स्क्रूड्रायव्हर टेकवला, किंचित दाबला. पापडाला बोट लागावं तसा तो आत गेला. बाहेर आली ती तपकिरी भुकटी आणि चमचाभर वाळू.

खारं वारं म्हणतात ते हे. हवेतलं मीठ पत्र्याच्या दुमडीत, चिखलाखाली, दाराच्या तळाशी बसतं. मीठ हवेतली ओल धरून ठेवतं. लोखंड, पाणी, प्राणवायू आणि मीठ एकत्र आले की गंज वाढतो, आणि तो रंगाच्या आडून वाढतो. वर फोड दिसेपर्यंत आतला पत्रा संपलेला असतो. मग कटर लावून सडलेला भाग कापायचा, नवा तुकडा ठोकून बाक द्यायचा, वेल्डिंग, घासणी, रेड ऑक्साइड, लांबी, पुन्हा घासणी, रंग. जुने मिनिडोरवाले पावसाळ्याआधी गाडीच्या पोटाला जळकं ऑइल मारत. वास यायचा, कपडे जायचे, पण पत्रा टिकायचा. आता त्या ऐवजी काळं, रबरासारखं कोटिंग मारून देतात. मेस्त्रींचा त्यावर विश्वास आहे, पण अर्धाच. नीट न धुता मारलं तर मीठ आत कोंडलं जातं, हे त्यांचं म्हणणं, आणि ते बरोबर आहे.

याच गंजावरचा उतारा विळे-भागाडला तयार होतो. थंड लाटलेला पातळ पत्रा तापवून, मऊ करून, सुमारे ४६० अंशाला वितळलेल्या जस्तातून ओढून काढतात. वर येताना हवेच्या झोतानं जादा जस्त निपटतात आणि दोन्ही बाजूंना काही मायक्रॉनचा थर उरतो. केसाच्या जाडीच्या दहाव्या हिश्श्याएवढा म्हणा. जस्त लोखंडाआधी गंजतं. ओरखडा पडून लोखंड उघडं पडलं, तरी आजूबाजूचं जस्त आधी स्वतः झिजतं. मोटारीच्या बाहेरच्या पत्र्याची जाडी पाऊण मिलिमीटरच्या आसपास असते. एवढ्याशा अंगाला हे कवच नसेल तर किनाऱ्यावर काय होतं, ते स्क्रूड्रायव्हरनं दाखवलंच. पण कुठल्या गाडीत कुठल्या भागाला जस्ताचा पत्रा आहे, हे विकणारा क्वचितच सांगतो. शोरूममध्ये स्क्रीन किती इंचाचा ते सांगतात. किनाऱ्यावरच्या गिऱ्हाइकानं पहिला प्रश्न पत्र्याचा विचारावा.

मेस्त्रींना विचारलं, हा नवा पत्रा कुठला? म्हणाले, पेणच्या दुकानातला. दुकानात कुठून येतो, याच्याशी त्यांना देणंघेणं नव्हतं.

अलिबागला मोटारींचा कारखाना हवा, असं मला वाटत नाही. पण जिल्ह्यातली आयटीआय झालेली पोरं चाकण-रांजणगावला ठेकेदाराकडे राबायला जातात आणि इथं पत्र्याच्या चांगल्या कारागिराला हाताखाली पोरगा मिळत नाही, हे खटकतं. काम तर वाढतंच आहे. मार्च २०२० मध्ये भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला रो-रो सुरू झाली, आणि शंभर किलोमीटरहून लांबचा रस्ता तासाभराच्या पाण्यावर आला. भाऊचा धक्का माझगावात. त्याच माझगावात स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या वर्षांत महिंद्रांनी विलीज जीपचे सुटे भाग आणून जोडायला सुरुवात केली होती. आज तिथून बोटीत चढणाऱ्या गाड्यांत महिंद्रांच्या किती असतात, ते रविवारी संध्याकाळी मांडव्याच्या रांगेत मोजत बसावं. वेळ भरपूर मिळतो. एमएच-०६, म्हणजे पेणच्या कार्यालयात नोंदलेली आपली गाडी त्या दिवशी अल्पसंख्य असते.

याच जिल्ह्यात माथेरान आहे, जिथं मोटारीला दस्तुरी नाक्याच्या पुढं जाता येत नाही. तिथं माणूस माणसाला ओढत होता, अगदी २०२५ मध्येही. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानं हातरिक्षा सहा महिन्यांत बंद करून ई-रिक्षा आणायला सांगितलं. मोटारीचा मधला सगळा जमाना वगळून एक गाव थेट विजेवर चाललंय. आकुर्डीतही जिथं जुनी चेतक बनायची त्या जागी २०२२ पासून विजेची चेतक बनते.

गॅरेजात निघता निघता एक विजेची स्कूटर आली. कंपनी हिचीही सोडून देऊ. चार्जिंग मध्येच तुटतं, अशी तक्रार. हे आपलं काम नव्हे, असं मेस्त्री आधी म्हणाले. मग राहवलं नाही. चष्मा लावून त्यांनी कनेक्टर सोडवला, उजेडात धरला. तांब्याच्या पिनांवर हिरवट पूड चढली होती. जुना दात घासायचा ब्रश आणि पेट्रोलची वाटी त्यांनी जवळ ओढली, आणि मग काहीतरी आठवल्यासारखी पेट्रोलची वाटी परत लांब सरकवली.

(पुढील आठवड्यात : वाळूज)