करिंथची पंगत, जालन्याचे बेथेल

घनसावंगीकरांना ग्रीसमधले करिंथ दूरचे, पण तिथली पंगत ओळखीची वाटेल. ख्रिस्ती प्रेषित पौलाने करिंथकरांना लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या 11व्या अध्यायात तक्रार आहे: प्रभुभोजनाला जमल्यावर कोणी उपाशी राहतो, कोणी पिऊन तर्र होतो. जर्मन अभ्यासक गेर्ड थायसन यांनी 1970च्या दशकात इथे समाजशास्त्राचे प्रश्न विचारले. घर कोणाचे? अन्न कोणी आणले? आधी कोण जेवले? त्यांच्या मते हा वाद सुखवस्तू यजमान आणि गरीब सभासद यांच्यातला होता. मला हे पटते; त्याने पत्राचे पावित्र्य उणे होत नाही, उलट त्यातली माणसे दिसू लागतात.

हीच नजर आपल्या जिल्ह्याकडे वळवावी. 1843 साली मुंबईत ख्रिस्ती झालेले ब्राह्मण नारायण शेषाद्री यांनी पुढे जालन्याजवळ बेथेल ही ख्रिस्ती वस्ती वसवली. त्यांच्याकडे आलेल्यांत मातंग कुटुंबे बरीच होती. बाप्तिस्म्यांची संख्या मोजणे सोपे आहे. पण जमीन कोणी कसली, पाणी कुठून भरले, शाळेत कोणाशेजारी कोण बसले, लेकीबाळी कुठे दिल्या, हे विचारल्याशिवाय ती मंडळी कळणार नाही.