किफायतशीर साडीची निवड : नावावर जाऊ नका, धागा पाहा

गेल्या लग्नसराईतली गोष्ट. एक बाई आमच्या दुकानात आल्या. त्यांना खरेदी करायची नव्हती. पिशवीतून एक साडी काढून त्यांनी गादीवर ठेवली आणि विचारले, "भाई, ही सिल्कच हाय न्हवं?" साडी दुसरीकडून घेतलेली होती. मुलीच्या लग्नात नेसण्यासाठी बचत गटातून उचल घेऊन सहा हजारांना आणलेली. नेसण्याआधी इस्त्री फिरवली, तर पदराचा कोपरा आक्रसून इस्त्रीला चिकटला. इस्त्री फार तापली तर रेशीम करपते, पण ते वितळून चिकटत नाही. साडी पॉलिएस्टरची होती आणि तिची रास्त किंमत फार तर हजार-बाराशे. आम्ही खरे ते सांगितले. त्यावर त्या एवढेच म्हणाल्या, "पण आर्ट सिल्क म्हणून सांगितलं हुतं की त्यानं!"

सगळी गोम या एका शब्दात आहे. विक्रेता शब्दाने खोटे बोलला नव्हता. 'आर्ट सिल्क' मधला 'आर्ट' म्हणजे आर्टिफिशियल, म्हणजे कृत्रिम. पूर्वी हे नाव व्हिस्कोस म्हणजे रेयॉनच्या कापडाला होते, आता पॉलिएस्टरलाही सर्रास लावले जाते. गिऱ्हाईक मात्र त्याचा अर्थ 'कलाकुसरीचे रेशीम' असा घेते आणि त्या समजुतीवर दाम मोजते. आम्ही तीस वर्षे या धंद्यात आहोत. कबूल करायला हरकत नाही की सुरुवातीच्या काळात गिऱ्हाइकाने विचारल्याशिवाय आम्हीही हा अर्थ उलगडून सांगत नव्हतो. माल खपत होता. पण तो सौदा इमानाला धरून नव्हता. म्हणून गादीवर बसून जे शिकलो, ते आज वाचक भगिनींपुढे ठेवत आहोत.

नावे शंभर, धागे चार

दुकानात साडीची नावे शंभर ऐकू येतील, पण धागे मुख्यतः चारच : सूत, रेशीम, व्हिस्कोस आणि पॉलिएस्टर किंवा नायलॉन. बाकी मिश्रणे. जॉर्जेट, शिफॉन, क्रेप, सॅटिन ही विणीची व पोताची नावे आहेत, धाग्याची नव्हेत. जॉर्जेट रेशमाचे असू शकते आणि पॉलिएस्टरचेही. भावात मात्र जमीन-अस्मानाचा फरक पडतो. 'सेमी', 'आर्ट' असे शब्द नावाआधी आले की ते शुद्ध रेशीम नाही, असे समजून चालावे. 'सॉफ्ट सिल्क' म्हटले तर धागा विचारल्याशिवाय पुढे जाऊ नये.

पॉलिएस्टर वाईट आहे, असे आमचे म्हणणे नाही. पावसाळ्यात ते लवकर वाळते, चुरगळत नाही, स्वस्त पडते. पॉलिएस्टर पॉलिएस्टरच्या भावात घ्यावे, इतकेच.

धागा ओळखावा कसा?

पदराच्या टोकाचे मोकळे धागे, एक उभा आणि एक आडवा, काढून घ्यावेत. दोन्ही घेणे जरुरीचे, कारण उभा धागा एक आणि आडवा दुसराच, असा माल पुष्कळ असतो. घरी पाण्याच्या ताटलीवर चिमट्यात धरून धागा पेटवावा. सूत जळताना कागद जळल्याचा वास येतो आणि मऊ राखाडी राख उरते. व्हिस्कोसही असेच जळते. रेशीम जळताना केस जळल्याचा वास येतो आणि उरलेली काळी राख चिमटीत चुरडली जाते. पॉलिएस्टर वितळते आणि थंड झाल्यावर त्याची कडक गोळी बनते, ती चुरडत नाही.

दुकानात आगकाडी चालत नाही. तिथे खुणेकडे पाहावे. शुद्ध रेशमासाठी 'सिल्क मार्क' ही खूण केंद्रीय रेशीम मंडळाच्या पुढाकाराने २००४ पासून सुरू आहे. हातमागाच्या मालासाठी 'हँडलूम मार्क' २००६ पासून आहे. महाग साडी घेताना ही पट्टी आहे का, एवढे विचारावे.

जरीचेही तसेच. खऱ्या जरीत रेशमाच्या धाग्यावर चांदीची तार आणि वर सोन्याचा मुलामा असतो. तिच्या खालोखाल तांब्याच्या तारेची नकली जर, ती काही काळाने काळवंडते. आजच्या बहुतेक स्वस्त साड्यांत चकचकीत प्लॅस्टिकची जर असते. ती काळी पडत नाही, पण गरम इस्त्री सोसत नाही. इस्त्री करताना वर सुती कापड घालावे.

रोजच्या वापरासाठी

रोजच्या वापराला सुती साडी उत्तम. घाम टिपते, उन्हाळ्यात अंगाला सुखावते. सुताचा काउंट विचारावा. आकडा मोठा तितके सूत बारीक. शंभर काउंटची साडी तलम असते, पण कामाला जाणाऱ्या, रोज धुणाऱ्या बाईला मध्यम सुताची साडी जास्त टिकते.

स्वस्त सुती साडीत खळीची लबाडी असते. कोपरा दोन्ही हातांनी चोळावा. पांढरी भुकटी पडली आणि कापड विरळ दिसू लागले, तर जाडी खळीची होती असे समजावे. साडी उजेडासमोर धरावी. दोन्ही अंगठ्यांनी कापड हलके ताणावे. धागे सरकून फट पडली, तर निरीपाशी ती साडी लवकर फाटणार. ओला पांढरा रुमाल गडद भागावर घासावा. रंग रुमालाला लागला, तर धुण्यात तो इतर कपड्यांनाही लागणार.

कोल्हापूरच्या पावसात सुती साडी दोन-दोन दिवस वाळत नाही. तेव्हा जून ते सप्टेंबर दोन कृत्रिम धाग्याच्या साड्या हाताशी असाव्यात. मात्र त्या नेसून चुलीपुढे किंवा गॅसपुढे उभे राहू नये. पेट कोणतेही कापड घेते, सुतीसुद्धा. पण पॉलिएस्टर आणि नायलॉन वितळून कातडीला चिकटते आणि जखम खोल होते. सणाच्या दिवशी नवी झुळझुळीत साडी नेसून तळण काढणाऱ्या आणि पणत्या लावणाऱ्या भगिनींनी हे विशेष ध्यानात ठेवावे. स्वयंपाक सुती साडीत, पाहुण्यांसमोर नवी साडी, हा नियम बरा.

सणासाठी

रमजान ईद असो, गौरी-गणपती असो की दिवाळी, आमच्याकडे पहिली मागणी काठपदराची. कमी खर्चात टिकाऊ आणि भारदस्त साडी हवी असेल, तर आमचा कौल इरकलला. कर्नाटकातील बागलकोट जिल्ह्यातले इलकल हे या साडीचे गाव. अंग सुती, काठ ठसठशीत आणि पदर लाल-पांढरा. अस्सल हातमागाच्या इरकलीत पदराचे उभे धागे अंगाच्या उभ्या धाग्यांना फासे घालून जोडतात. साडी उलटी करून पाहिली की हा जोड दिसतो. यंत्रमागाच्या नकलेत अंग आणि पदर सलग विणलेले असतात. काठ-पदरातही अस्सल रेशीम आहे की कृत्रिम, हे विचारावे. भावाचा फरक तिथेच असतो. इरकल सणाला नेसता येते आणि जुनी झाली की रोजच्या वापरालाही चालते. असा दुहेरी उपयोग भारी जरीच्या साडीचा होत नाही.

पैठणीची हौस असेल तर पदर उलटा करून पाहावा. पैठण-येवल्याच्या हातमागाच्या पैठणीत पदराची नक्षी दोन्ही बाजूंनी सारखी दिसते. यंत्राच्या मालात मागे मोकळे किंवा कापलेले धागे असतात. यंत्राची घ्यायलाही हरकत नाही, पण यंत्राच्या भावात.

यंत्रमागाचा माल म्हणजे कमी प्रतीचा, हाही गैरसमज आहे. आपल्या शेजारी इचलकरंजीत १९०४ साली विठ्ठलराव दातार यांनी पहिला यंत्रमाग सुरू केला. तेव्हापासून हजारो घरांची रोजी-रोटी त्यावर चालत आली. यंत्रमागाचे कापड यंत्रमागाचे म्हणून विकले, तर त्यात कमीपणा कसला?

माप उघडून पाहा

'पाचवारी' या नावावर जाऊ नका. एक वार म्हणजे साधारण ९१ सेंटिमीटर. पाच वार म्हणजे साडेचार मीटरच्या आसपास. आजची प्रचलित साडी मात्र सहा वार, म्हणजे साडेपाच मीटरची असते आणि ब्लाउज पीस धरून सव्वासहा मीटरच्या आसपास भरते. नऊवारी सव्वाआठ मीटरच्या आसपास. स्वस्त मालात लांबीत वीत-दोन विती आणि पन्ह्यात दोन-तीन इंच मारलेले असतात. उंच बाईची साडी मग घोट्याच्या वर राहते. काही साड्या दोन तुकडे जोडून केलेल्या असतात. जोड कमरेत खोचण्याच्या भागात लपवतात. म्हणून घडी पूर्ण उघडून पाहावी. दुकानदार कुरकुरला तरी भीड धरू नये.

खरी किंमत कोणती?

समजा, ४०० रुपयांची साडी चाळीस वेळा नेसून विटली. एका वेळेला दहा रुपये पडले. ९०० रुपयांची साडी दीडशे वेळा नेसली, तर एका वेळेला सहा रुपये. आणि सहा हजारांची साडी तीन वेळा नेसून कपाटात गेली, तर वेळेला दोन हजार! यात स्वस्त कोणती हे ज्याने त्याने ठरवावे.

हाच हिशेब बस्त्याला लावावा. मानपानासाठी वीस-पंचवीस हलक्या साड्या घेतल्या जातात. घेणारी ती नेसत नाही, पुढच्या लग्नात दुसरीला देते. त्यापेक्षा यादी निम्मी करून तेवढ्याच पैशात साध्या, चांगल्या सुती साड्या दिल्या, तर त्या अंगाला लागतात आणि देणाऱ्याची आठवण राहते. बस्त्याला जाताना गांधीनगरच्या घाऊक पेठेत आणि शहरातल्या दुकानांत, दोन्हीकडे भाव विचारावा. एकाच जातीच्या दहा साड्या घेतल्या तर घाऊक भाव मागावा. कर्ज काढून साडी मात्र घेऊ नये. साडी विटते, हप्ता राहतो.

बिलावर धागा लिहून घ्या

सुरुवातीला सांगितलेल्या बाईंना पुढे काही मिळाले नाही. त्यांच्याकडे बिल नव्हते, चिठ्ठीवर नुसता आकडा होता. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार बिल न देणे ही अनुचित व्यापारी प्रथा आहे. सदोष माल बिलात लिहिलेल्या मुदतीत, आणि मुदत लिहिलेली नसेल तर तीस दिवसांत, परत घेण्यास नकार देणे हीसुद्धा अनुचित प्रथा आहे. म्हणून 'विकलेला माल परत घेतला जाणार नाही' ही पाटी सदोष मालाला लागू पडत नाही. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे आणि दाद मागण्यासाठी जिल्हा ग्राहक आयोग आहे. पण हातात कागद हवा.

म्हणून भगिनींना आमचे सांगणे एकच. दुकानदार 'सिल्क' म्हणाला की शांतपणे म्हणावे, "बिलावर 'शुद्ध रेशीम' असे लिहून द्या." लिहून दिले तर उत्तम. तो पेन शोधू लागला, किंवा "आर्ट सिल्क लिहितो" म्हणाला, तर उत्तर मिळाले असे समजावे आणि त्याप्रमाणे दाम ठरवावा. आम्ही त्या दिवसापासून प्रत्येक बिलावर धाग्याचे नाव लिहितो. काही गिऱ्हाइके ते वाचून साडी ठेवून जातात. जाऊ देतो. बरकत राहते ती खरे सांगून विकलेल्या मालात.