घाटाच्या पायथ्याशी

श्रावणातील शुक्रवारी रात्री छत्रपती संभाजीनगरहून खुलताबादकडे येणारा रस्ता जागाच असतो. शनिवारी भद्रा मारुतीचे दर्शन घेण्यासाठी सुमारे २५ किलोमीटर पायी येणाऱ्यांत सत्तरीच्या आसपासचेही अनेक जण असतात. पहाटे मी दवाखाना उघडतो, तेव्हा त्यांपैकी कोणी तरी पायरीवर बसलेले आढळते.

एका वर्षी एका निवृत्त शिक्षकांना त्यांच्या सोबत्यांनी धरून आणले. वय ६८, मधुमेह जुना. उपवास म्हणून रात्री जेवण नाही. ग्लिमेपिराइडची गोळी मात्र नेमाने घेतलेली. दौलताबादच्या घाटात त्यांना दरदरून घाम फुटला, हात थरथरू लागले. सोबत्यांनी पुढे केलेला गोड चहा त्यांनी रागाने नाकारला. दर्शनापूर्वी तोंडात काही घालायचे नाही, हा त्यांचा नेम. तपासली तेव्हा रक्तशर्करा ४८ होती.

या गटातील गोळ्या पोटात अन्न असो वा नसो, शरीराला इन्सुलिन सोडायला लावतात. त्यात चालणारे स्नायू साखर ओढून घेतात. मग मेंदूच उपाशी पडतो आणि माणूस चिडतो, हटून बसतो. म्हणून अशा वेळचा नकार हा निश्चय न मानता आजाराचे लक्षण मानावा. मेटोप्रोलॉलसारखी रक्तदाबाची औषधे घेणाऱ्यांत थरथर आणि धडधड झाकली जाऊ शकते. घाम तेवढा दिसतो. शुद्ध असेल तर तीन चमचे साखर पाण्यात विरघळवून द्यावी आणि १५ मिनिटांनी पुन्हा तपासावे. बरे वाटल्यावर केळे किंवा राजगिऱ्याचा लाडू द्यावा. शुद्ध हरपली असेल तर तोंडात काहीही घालू नये. १०८ क्रमांकावर दूरध्वनी करावा. चढावर छातीत दाब जाणवला, तर ‘एवढा घाट तेवढा चढू’ असे म्हणू नये. तेथेच बसावे आणि मदत मागवावी.

मुलांचा ताठरपणाही कमी नसतो. “बाबा, जायचेच नाही!” असे बजावले की बाबा न सांगता निघतात आणि त्रास झाला तरी लपवतात. (माझ्या वडिलांनी हेच केले होते; डॉक्टर मुलालाही दाद दिली नाही.) त्यापेक्षा कोठे खायचे, कोठे थांबायचे आणि कोणाच्या सांगण्यावरून परतायचे, हे आदल्या दिवशी घरीच ठरवावे. उपवासाच्या दिवशी गोळीचे काय करायचे, हे आपल्या डॉक्टरांना आधी विचारावे.

गेल्या श्रावणात गुरुजी घाटाच्या पायथ्यापर्यंत चालत आले आणि पुढे मुलाच्या गाडीत बसले. दर्शन झाल्यावर दवाखान्यात डोकावले. खिशातल्या लाडवांपैकी एक उरला होता, तो त्यांनी माझ्या टेबलावर ठेवला.