पाषाणातल्या पाण्याची पन्नास वर्षे

१९७२चा दुष्काळ म्हटले की खडी फोडणारी माणसे, मिलो ज्वारी आणि सुकडी आठवते. त्या काळाने गावात आणखी एक गोष्ट आणली, तिची आठवण मात्र फारशी कोणी काढत नाही. ती म्हणजे बोअरची गाडी. हवेच्या दाबावर चालणारी, काळा फत्तर काही तासांत भेदणारी ही यंत्रे युनिसेफच्या मदतीने साठच्या दशकाच्या अखेरीस भारतात येऊ लागली होती. दुष्काळाने त्यांना दख्खनच्या पठारावर काम दिले. जिथे वडारांना सुरुंग लावून एक विहीर पुरी करायला दोन-तीन उन्हाळे लागत, तिथे सहा इंची भोक दिवसभरात खाली जाऊ लागले. त्या भोकातून पाणी उपसायला टिकाऊ पंप हवा होता. जालना आणि सोलापूर इथल्या मिशनच्या कार्यशाळांत तयार झालेल्या हातपंपांवरून पुढे ‘इंडिया मार्क टू’ घडला आणि तो जगभर गेला. लाखो बायकांच्या डोक्यावरचा हंडा ज्या पंपाने घराजवळ आणला त्याची मुळे मराठी मुलखातली आहेत, याचा मला अभिमान वाटतो.

राज्याची भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणाही त्याच सुमारास उभी राहिली. म्हणजे यंत्र आले आणि अभ्यास करणारी संस्थाही आली. पण गावोगावी पोचले ते यंत्र. पाणी कसे काढायचे हे आपण आधी शिकलो, ते कशात साठते हे नंतर. हा उलटा क्रम महाराष्ट्राला महाग पडला, असे माझे मत आहे.

महाराष्ट्राच्या भूभागापैकी सुमारे ८० टक्के भागाखाली बेसॉल्ट, म्हणजे आपला काळा पाषाण आहे. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थरावर थर पसरत गेले आणि हे पठार तयार झाले. नव्याने खणलेल्या विहिरीत उतरून भिंत पाहिली की हे सगळे दिसते. वर माती, तिच्याखाली मुरूम, मग भेगाळलेला खडक. त्याखाली कुठे बारीक छिद्रांचा, पांढऱ्या खड्यांनी भरलेला मांजऱ्या लागतो, कुठे सुरुंगालाही दाद न देणारा एकसंध फत्तर. दोन थरांच्या मध्ये अधूनमधून गेरूसारखा तांबडा पट्टा येतो. खणणाऱ्यांनी ही नावे पिढ्यान्पिढ्या सांभाळली. भूशास्त्रज्ञ ज्याला जलधर म्हणतात, तो या भिंतीवरच्या दोन-चार पट्ट्यांतच असतो. खाली कुठे नदी वाहत नाही की तळे साचलेले नाही.

खडकाला दोन गोष्टी जमाव्या लागतात: पाणी धरणे आणि पाणी वाहू देणे. चिकणमाती भरपूर पाणी धरते, पण सोडत नाही. एकसंध फत्तर धरतही नाही आणि सोडतही नाही. मुरूम आणि भेगाळलेला पाषाण सोडतो, पण त्याच्याकडे धरलेलेच थोडे असते. केंद्रीय भूजल मोजणीचे निकष सांगतात की भेगाळलेल्या, सच्छिद्र बेसॉल्टमधून निथळून हाती येणारे पाणी त्याच्या आकारमानाच्या साधारण २ टक्के असते. वाळूच्या गाळात तेच १६ टक्क्यांपर्यंत जाते. हिशेब मांडून पाहू. एक हेक्टर रानाखाली १० मीटर जाडीचा भिजलेला पाषाण असेल, तर त्यातून मिळतात २ हजार घनमीटर, म्हणजे २० लाख लिटर. पाटाने भिजवलेल्या एक हेक्टर उसाला वर्षाकाठी सुमारे २० हजार घनमीटर पाणी लागते. त्यातले अर्धे पावसाने दिले असे धरले, तरी त्या एका हेक्टरच्या उसासाठी पाच हेक्टरांखालचा जलधर तळापर्यंत रिकामा होतो.

हा झाला वरचा, मोकळा जलधर. पाऊस थेट त्याच्यात मुरतो, विहिरीची पातळी हीच त्याची पातळी आणि उपसा झाला की त्याच्या भेगा खरोखर रिकाम्या होतात. खालचा जलधर वेगळा. त्याच्या वर एकसंध फत्तराचे किंवा तांबड्या पट्ट्याचे झाकण असते आणि आतले पाणी दाबाखाली असते. बोअर तिथे पोचले की पाणी उसळून वर येते, लोक नारळ फोडतात, फवाऱ्याचे फोटो निघतात. ते पाणी किती, हे मात्र फवाऱ्यावरून कळत नाही. बंदिस्त जलधरातला दाब उतरतो तेव्हा खडक किंचित दबतो, पाणी किंचित प्रसरण पावते आणि तेवढेच पाणी बाहेर येते. अशा जलधराची साठवणक्षमता दहा हजारांत एक भाग धरली, तर एक हेक्टरखाली पातळी १० मीटरने उतरेपर्यंत हाती येतात १० हजार लिटर. एक टँकर. मोकळा जलधर तेवढ्याच घसरणीत २० लाख लिटर देतो. पहिल्या वर्षी तीन इंची पाणी देणारे बोअर तिसऱ्या वर्षी गुळण्या का टाकते, त्याचे मोठे कारण या फरकात आहे. झाकणाखाली पाणी लवकर पोचत नाही, हे दुसरे.

ऐंशीच्या दशकात रानोरानी वीज पोचली. मोट सुटली, विहिरीवर पंप बसले, मग विहिरीच्या तळात उभी आणि भिंतीत आडवी बोअरे घेतली जाऊ लागली. बेसॉल्टमध्ये पाणी सांध्या-भेगांतून चालते, म्हणून आडव्या बोअरला एखादी भेग लागली की शेजाऱ्याच्या विहिरीचे पाणी इकडे येते. बांधावरची कितीतरी भांडणे या एका गोष्टीतून पेटली. दोघांनाही आपापला झरा वेगळा वाटत होता. जलधर एकच होता.

जळगावची कथा निराळी. तापीकाठी पाषाणावर गाळाचे शेकडो फूट जाडीचे थर आहेत आणि सातपुड्याच्या पायथ्याशी गोटे-वाळूचा पट्टा त्यांना पाणी पाजतो. यावल-रावेरची केळी या साठ्यावर वाढली. साठा मोठा, म्हणून घसरण कळायला वेळ लागला. कळली तेव्हा जुन्या विहिरी कोरड्या पडून तिथे खोल कूपनलिका आल्या होत्या. पूर्वेला पूर्णाकाठीही गाळच आहे, पण अकोला, अमरावती, बुलढाण्याच्या खारपाणपट्ट्यात त्यातले पाणी जिभेवर धरवत नाही. कोकणात जांभ्याचा सडा पाऊस भराभर पितो आणि कडेच्या झऱ्यांतून तितक्याच भराभर सोडून देतो. अडीच-तीन हजार मिलिमीटर पावसानंतरही मे महिन्यात तिथल्या वाड्या हंडे घेऊन फिरतात.

कायद्यानेही प्रयत्न केले. १९९३च्या कायद्याने सार्वजनिक पिण्याच्या पाण्याच्या स्रोतापासून ५०० मीटरच्या आत नवी विहीर घेण्यावर बंधन आणले. २००९चा अधिनियम २०१४ पासून अमलात आला, त्याने शेतीसाठी ६० मीटरपेक्षा खोल जायला मनाई केली. दोन्हींमागचा हेतू चांगला होता. पण खडकातली भेग ५०० मीटरचे वर्तुळ पाहून थांबत नाही, आणि रात्री आलेल्या बोअरच्या गाडीची खोली सहसा कोणी मोजत नाही.

जे कायद्याला जमले नाही ते हिवरे बाजारने नव्वदच्या दशकापासून करून दाखवले. तिथे शेतीसाठी बोअर घ्यायचे नाही असे गावाने ठरवले. पावसाळा सरला की पाण्याचा हिशेब ग्रामसभेत मांडायचा आणि त्यावर रब्बीचे पीक ठरवायचे, ही रीत घातली. त्या गावाच्या चराईबंदीचे आणि समतल चरांचे कौतुक पुष्कळ झाले. मला बोअरबंदी त्याहून मोलाची वाटते, कारण तिने गावाला वरच्या, दरवर्षी भरणाऱ्या जलधरापुरते जगायला लावले. १९९८ साली पुण्यात सुरू झालेली अ‍ॅक्वाडॅम ही संस्था हेच शास्त्र गावकऱ्यांना शिकवत राहिली: विहिरी मोजा, खडक ओळखा, जलधराचा नकाशा काढा.

२०१४ च्या अखेरीस जलयुक्त शिवार आले आणि नाले खोल करण्याची लाट उसळली. काही ठिकाणी पाणी वाढले, हे मान्य केले पाहिजे. पण जिथे यंत्राने मुरूमच उचलून काठावर टाकला, तिथे पाणी धरणारा थरच गेला. खड्ड्यात दिसणारे निळे पाणी पुष्कळदा शेजारच्या विहिरींचेच असते, आता उन्हात उघडे पडलेले. तरीही एप्रिल २०१६ मध्ये तहानलेल्या लातूरसाठी मिरजेहून पाण्याची रेल्वे निघाली. पहिल्या गाडीत १० वाघिणी आणि ५ लाख लिटर पाणी होते. आपल्या हेक्टरभर पाषाणातल्या साठ्याचा हा चौथा हिस्सा.

२०१२ साली देशभर जलधरांचे नकाशे काढण्याचे काम सुरू झाले, आणि २०१९ साली सुरू झालेल्या अटल भूजल योजनेतल्या सात राज्यांत महाराष्ट्र होता. सरकारचे नकाशे येत राहतील. पण ज्या भिंतीवर हे सगळे लिहिलेले आहे ती तुमच्या रानात आहे. येत्या मे महिन्यात विहिरीचे पाणी तळाला जाईल तेव्हा एकदा वाकून पाहा. पाझर किती फुटांवर, कोणत्या पट्ट्यातून येतो ते वहीत लिहा, शेजाऱ्यालाही लिहायला सांगा, आणि नवे बोअर घेण्याआधी त्या दोन वह्या ग्रामसभेत उघडा.