बाळहिरडा आणि फांदीचे गणित

पिकलेले फळ आपोआप खाली पडते. मग जिवावर उदार होऊन उंच झाडावर का चढायचे?

जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांच्या पश्चिमेला, नाणेघाट ते आहुपे या डोंगरपट्ट्यात, महादेव कोळी कुटुंबे एप्रिल-मेमध्ये हिरड्याच्या झाडांवर चढतात. वर चढलेला माणूस काठीने फळे झोडपतो, खाली घरची माणसे वेचतात. पावसाआधी फळे वाळवून विकली, की हाती रोख पैसा येतो.

हिरड्याचे वयानुसार तीन प्रकार मानतात: बाळहिरडा, चांभारी हिरडा आणि सुरवारी हिरडा. बाळहिरडा म्हणजे आठळी धरण्यापूर्वीचे कोवळे फळ. ते वाळून काळे पडते. औषधासाठी त्याला मागणी असते आणि भावही चांगला मिळतो. पण फळ पिकताना देठाशी पेशींचा जो कमकुवत थर तयार होतो, तो कोवळ्या फळात सहसा नसतो. त्यामुळे बहुतेक कोवळी फळे आपणहून गळत नाहीत. म्हणून चढावे लागते.

आता फांदीकडे पाहू. माणूस खोडापासून १ मीटरऐवजी ३ मीटरवर गेला, की फांदीच्या बुंध्याशी तिला वाकवणारा परिणाम तिप्पट होतो. शिवाय टोकाकडे फांदी बारीक होत जाते. जाडी निम्मी झाली, की वाकण्याला तोंड देण्याची ताकद निम्मी नव्हे, आठव्या हिश्शावर येते. आणि फळे तर टोकाकडेच जास्त!

१० मीटरवरून पडलेला माणूस जेमतेम दीड सेकंदात जमिनीवर आदळतो. तेव्हा त्याचा वेग सेकंदाला १४ मीटर, म्हणजे ताशी सुमारे ५० किलोमीटर असतो. तोल सावरायला वेळच नसतो. हाच माणूस छाती आणि मांड्यांना धरणाऱ्या पट्ट्याने वरच्या भक्कम फांदीला बांधलेला असेल आणि दोर १ मीटर पडल्यावरच ताणला गेला, तर झेलायची ऊर्जा दहाव्या हिश्शाइतकीच उरते. नुसता कमरेला बांधलेला दोर मात्र झटक्याने पोटाला इजा करू शकतो.

वर्गात करून पाहा: पट्टीचे एक टोक टेबलावर दाबून धरा. बाहेरच्या भागावर खोडरबर ठेवून तो हळूहळू टोकाकडे सरकवा. पट्टी किती वाकते ते मोजा. मग विद्यार्थ्यांना विचारा: फांदीवर उभे राहायचे झाले, तर कुठे राहाल? ज्यांच्या घरी हिरडा काढतात, ती मुले या प्रश्नाचे उत्तर आपल्याआधी देतील.