विश्लेषण : फ्लॉवरचे उत्पादन दुपटीकडे, मग भाव का कोसळतात?

ऐन थंडीत फ्लॉवर मातीमोल होतो, काढणीची मजुरीही सुटत नाही म्हणून शेतकरी उभ्या पिकात नांगर घालतो. पावसाळ्यात मात्र तोच गड्डा पाव किलोच्या हिशेबाने घ्यावा लागतो. देशाच्या उत्पादनाचा आकडा तर वर्षागणिक मोठा होत गेला आहे. मग अडते कुठे?

वाढ झाली ती कशामुळे?

सरकारी आकडेवारीनुसार २००१-०२ मध्ये देशात सुमारे २ लाख ७० हजार हेक्टरवर फ्लॉवर होता आणि उत्पादन ४९ लाख टनांच्या आसपास होते. २०१३-१४ मध्ये क्षेत्र ४ लाख ३० हजार हेक्टरच्या पुढे गेले, उत्पादन ८५ लाख टनांवर. त्यानंतर वेग मंदावला, तरी आकडा ९० लाख टनांपलीकडे पोहोचला. पण या आकड्यांचा भागाकार करून पाहावा. पहिल्या १२ वर्षांत हेक्टरी उत्पादन १८ टनांवरून जेमतेम २० टनांपर्यंत आले. म्हणजे वाढली ती मुख्यतः लागवडीखालची जमीन. यात पश्चिम बंगाल आघाडीवर असून देशातला सुमारे पाचवा हिस्सा त्या एकट्या राज्याचा आहे. पहिल्या तीन राज्यांत महाराष्ट्र नाही.

ब्रोकोलीचे काय?

जागतिक अन्न व कृषी संघटना फ्लॉवर आणि ब्रोकोली एकाच रकान्यात मोजते. जगातील एकत्रित उत्पादन अडीच कोटी टनांहून अधिक, त्यात चीन आणि भारत मिळून सुमारे ७० टक्के. यावरून भारत ब्रोकोलीतही जगात दुसरा, असे सर्रास लिहिले जाते. ते फसवे आहे. भारताच्या नावावरचा तो आकडा जवळपास सगळा फ्लॉवरचाच. आपल्या फलोत्पादनाच्या प्रमुख भाज्यांच्या यादीत ब्रोकोलीला स्वतंत्र जागाच मिळालेली नाही. शहरातल्या हॉटेलांच्या भरवशावर ती लावणाऱ्याला देशात एकूण किती लागवड झाली आहे, याचा अंदाज घेणे त्यामुळे अवघड जाते.

सगळा माल एकदम का येतो?

फ्लॉवर हे मुळात थंड हवेचे पीक. १८२२ मध्ये इंग्लंडहून आलेले बियाणे सहारनपूरच्या कंपनी बागेत लावले गेले. पुढे इथल्या उष्ण-दमट हवेत टिकणारे वाण त्यातूनच निवडीने तयार झाले. लवकर येणाऱ्या भारतीय वाणांना गड्डा धरायला २० ते २७ अंश तापमान चालते, उशिराच्या स्नोबॉल गटाला १० ते १६ अंश लागते. वाण आणि हंगामाची जोडी चुकली की गड्ड्यात पाने शिरतात, तो भुरकट होतो किंवा लिंबाएवढाच राहतो. ही जोखीम नको म्हणून बहुतेक जण हिवाळाच धरतात. लागवड एकदम, तर काढणीही एकदम!

कांदा चाळीत ठेवता येतो, बटाटा शीतगृहात. तयार गड्डा मात्र शेतात थांबत नाही. काही दिवसांत पिवळा पडतो, सुटा होतो. शून्य अंशाजवळच्या शीतगृहात तो फार तर तीन-चार आठवडे तग धरतो. लुधियानाच्या काढणीपश्चात तंत्रज्ञान संस्थेच्या २०१५ मधील अहवालानुसार काढणीपासून विक्रीपर्यंत सुमारे साडेनऊ टक्के फ्लॉवर वाया जातो.

सरकारने काय केले?

‘ऑपरेशन ग्रीन्स’ ही योजना आधी फक्त टोमॅटो, कांदा, बटाट्यापुरती होती. २०२० मध्ये तिची व्याप्ती वाढली, त्यात फ्लॉवरही आला. वाहतूक आणि साठवणुकीच्या खर्चावर ५० टक्के अनुदान, असे तिचे स्वरूप. पण साठवायलाच अवघड असलेल्या मालाला साठवणुकीच्या अनुदानाचा उपयोग किती?

हरियाणाने वेगळी वाट धरली. तिथल्या भावांतर भरपाई योजनेत सुरुवातीच्या चार पिकांमध्येच फ्लॉवर होता. त्याचा संरक्षित दर ठरला क्विंटलला ५०० रुपये, म्हणजे किलोला पाच रुपये. बाजारात त्याहून कमी भाव मिळाला तर फरक सरकार देते. अट एकच, पण मोठी : पिकाची नोंदणी ठरलेल्या मुदतीत, भाव पडण्याच्या कितीतरी आधी झालेली हवी.