विदर्भाची मॅच कुठं लागते?

आठ वर्षांत तीन रणजी करंडक जिंकणारा संघ घरच्याच माणसाला शोधावा लागतो. तो आज कसा गाठायचा, आणि गाठणं इतकं अवघड का झालं?

भारताचा सामना असला की ‘मॅच कुठं लागते’ असं कुणी विचारत नाही. टपरीवर, सलूनमध्ये ती लागलेलीच असते. विदर्भाचा रणजी सामना असला की मात्र हाच प्रश्न पहिला येतो आणि बरेचदा उत्तराविनाच विरून जातो. वाशीम जिल्ह्यातल्या कारंजा तालुक्यातलं धनज घ्या. महाराष्ट्रातून रणजी स्पर्धेत मुंबई, महाराष्ट्र आणि विदर्भ असे तीन संघ उतरतात, आणि धनजचा संघ म्हणजे विदर्भ. अथर्व तायडे आणि आदित्य ठाकरे हे त्यातले खेळाडू अकोल्याचे. १ जुलै १९९८ रोजी वाशीम जिल्हा वेगळा निघेपर्यंत हा मुलूखही अकोल्यातच होता, म्हणजे ही पोरं जुन्या जिल्ह्यातलीच. संघही काही रडतखडत चालणारा नाही. १९५७-५८ पासून खेळणाऱ्या विदर्भाला पहिला करंडक मिळायला साठ वर्षं लागली खरी. पण २०१७-१८ मध्ये इंदूरला दिल्लीला हरवून तो मिळाला, पुढच्याच वर्षी नागपुरात सौराष्ट्राला हरवून राखला आणि २०२४-२५ मध्ये केरळविरुद्धच्या अंतिम सामन्यानंतर पुन्हा घरी आला. या आठ वर्षांत दुसऱ्या कुठल्याच संघाला तीन करंडक जमलेले नाहीत. तरीही या काळातल्या देशातल्या सर्वांत यशस्वी संघाचा खेळ त्याच्याच प्रदेशातल्या गावात सहजी पोचत नाही. दोष तंत्रज्ञानाला देता येत नाही, कारण तंत्रज्ञान गावात कधीच येऊन बसलं आहे. घरचा संघ घरच्यांपर्यंत पोचवणं हे कुणाचंच काम राहिलेलं नाही, खरी अडचण ही आहे. आणि या अडचणीवरचा सर्वांत स्वस्त इलाज चित्रात नाही, आवाजात आहे.

आधी आजची वाट पाहू. रणजीचा हंगाम साधारण ऑक्टोबरात सुरू होतो, मध्ये मर्यादित षटकांच्या स्पर्धांसाठी थांबतो आणि जानेवारीत पुन्हा जुळतो. साखळीत प्रत्येक संघाला सात सामने असतात. प्रत्येक सामना चार दिवसांचा, रोज साडेनऊच्या सुमाराला सुरू होणारा, दिवसाला नव्वद षटकांचा. भारतीय क्रिकेट मंडळाचे देशांतर्गत सामने दाखवण्याचे हक्क २०२३ पासून पाच वर्षांसाठी वायकॉम १८ कडे गेले. पुढे जिओसिनेमा आणि हॉटस्टार एक होऊन फेब्रुवारी २०२५ मध्ये जिओहॉटस्टार झालं. त्यामुळे चित्र हवं असेल तर आधी तिथे पाहायचं. पण एकाच वेळी देशभर डझनाहून जास्त रणजी सामने चालू असतात आणि त्यांतले निवडकच दाखवले जातात. आपला सामना त्या निवडीत नसेल तर मंडळाच्या संकेतस्थळावरचा किंवा क्रिकइन्फोवरचा धावफलक हाताशी राहतो. प्रत्येक चेंडूला तो बदलतो, कमी रेंजमध्येही उघडतो. सामना बाद फेरीत गेला की चित्र मिळण्याची शक्यता वाढते. म्हणजे आपला संघ नीट दिसावा असं वाटत असेल, तर त्याने आधी जिंकत जिंकत तिथवर जायला हवं.

घरावर फ्री डिशची छत्री आहे, महिन्याचे पैसे भरावे लागत नाहीत आणि भारताचे सामने तर दूरदर्शनवर दिसतात, मग रणजी का नाही? त्याचं उत्तर २००७ च्या कायद्यात आहे. राष्ट्रीय महत्त्वाच्या क्रीडा स्पर्धांचं प्रक्षेपण ज्या खासगी वाहिनीकडे असेल, तिने ते प्रसार भारतीलाही द्यावं, असं तो कायदा सांगतो. जाहिरातींचं उत्पन्न दूरचित्रवाणीसाठी ७५ आणि २५ अशा वाट्याने विभागलं जातं. मोठा वाटा हक्क घेणाऱ्याचा. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक गोष्ट स्पष्ट केली: हे चित्र दूरदर्शनने स्वतःच्या मनोऱ्यांवरून आणि स्वतःच्या छत्रीवरून दाखवावं, खासगी केबलवाल्यांच्या तारेतून ते जाऊ नये. म्हणून एकाच गल्लीत छत्रीवाल्याला भारताचा सामना फुकट दिसतो आणि केबलवाल्याला दूरदर्शनवर भलताच कार्यक्रम दिसतो. मात्र राष्ट्रीय महत्त्वाच्या यादीत क्रिकेटचं जे आहे ते भारतीय संघाभोवतीचं आणि विश्वचषकासारख्या स्पर्धांचं. रणजी करंडक, जो खेळून भारतीय संघाचं दार उघडू शकतं, त्या यादीत नाही. कायद्याच्या लेखी महत्त्वाचं काय हे राष्ट्राच्या नजरेने ठरतं. धनजहून किंवा नागपूरजवळच्या जामठ्याच्या मैदानाहून काय महत्त्वाचं दिसतं, याला तिथे रकाना नाही.

खासगी कंपनीची नजर तर त्याहून सरळ आहे. जानेवारी २०२५ मध्ये विराट कोहली बारा वर्षांनी रणजी खेळायला उतरला. दिल्ली विरुद्ध रेल्वे हा तो सामना थेट दाखवायच्या मूळ यादीत नव्हता. कोहली खेळणार म्हटल्यावर तो ऐनवेळी दाखवण्यात आला. कोहली सहा धावांवर त्रिफळाचीत झाला तरी कॅमेरा तिथे होता. कंपनीला यात दोष देण्याचं कारण नाही. हक्कांसाठी पैसे मोजले की ती गर्दी जिथे असेल तिथेच कॅमेरा नेणार. पण यातून एक गोष्ट सिद्ध होते: सामना दाखवण्याची व्यवस्था एका हाकेसरशी उभी राहू शकते. अडतं ते फक्त कुणासाठी उभी करायची या ठिकाणी. ताऱ्यासाठी बाजार धावतो. संघासाठी धावायला दुसरं कुणीतरी हवं.

तोवर धावफलक आहेच की, असं म्हणता येईल. पण धावफलक किती मुका असतो, ते २१ फेब्रुवारी २०२५ च्या अहमदाबादच्या उपांत्य सामन्यात दिसलं. केरळच्या पहिल्या डावात ४५७ धावा होत्या. गुजरातची शेवटची जोडी ४५५ वर पोचली होती आणि पहिल्या डावाची आघाडी ज्याला मिळेल तो अंतिम सामन्यात जाणार होता. गोलंदाज होता आदित्य सरवटे. ज्याने २०१८-१९ च्या अंतिम सामन्यात विदर्भासाठी अकरा बळी घेतले, तोच नागपूरकर आता केरळकडून खेळत होता. अर्झान नागवासवालाने चेंडू जोरात फटकावला. तो फलंदाजाजवळ उभ्या असलेल्या सलमान निझारच्या हेल्मेटवर आदळला, वर उडाला आणि मागे स्लिपमध्ये सचिन बेबीच्या हातात जाऊन विसावला. दोन धावांनी केरळ अंतिम सामन्यात. धावफलकावर मात्र एवढंच उमटलं: झेलबाद बेबी, गोलंदाज सरवटे. एका डावाचा, एका हंगामाचा सगळा थरार त्या चार शब्दांत गाडला गेला. त्या क्षणी हेल्मेट, उडालेला चेंडू आणि सरवटेचं नागपूर हे तिन्ही एका दमात सांगणारा माणूस लागतो. आकड्याला ते जमत नाही; माणसाच्या आवाजाला जमतं.

मग आवाजच का, चित्र का नाही? त्याचं उत्तर वावरात आहे. रणजीचा हंगाम म्हणजे सोयाबीनची सोंगणी, कापसाची वेचणी, तुरीची कापणी आणि हरभऱ्याची राखण यांचा हंगाम. या कामांत हात आणि डोळे गुंतलेले असतात, कान मोकळे असतात. चार दिवसांचा सामनाही तसाच सावकाश पुढे सरकतो. त्याला टक लावून बसायची गरज नसते, सोबत असली की पुरे. आता हिशेबही पाहा. सेकंदाला एक मेगाबिट इतक्या साध्या दर्जाचं चित्र तासाला साडेचारशे एमबी खातं. सहा तासांच्या खेळाला २.७ जीबी. रोज दीड किंवा दोन जीबीचा रिचार्ज असलेल्याचा डेटा दिवसाचा खेळ संपण्याआधीच संपतो. तोच खेळ ६४ किलोबिटच्या आवाजात ऐकला तर तासाला २९ एमबी, दिवसभराला पावणेदोनशेच्या आसपास. आणि साधा रेडिओ असेल तर शून्य. ‘डेटा आता स्वस्त झालाय’ हे म्हणणं तासाभराच्या रीलपुरतं खरं आहे. चार दिवस चालणाऱ्या खेळाला ते लागू पडत नाही.

आवाजाची ही परंपरा आपल्याला उसनी आणावी लागत नाही. आकाशवाणीवरून बाळ ज. पंडितांनी मराठीत क्रिकेटचं धावतं समालोचन घडवलं, वि. वि. करमरकरांनीही ते केलं. यष्टिरक्षक, पायचीत, धावचीत, षटक हे शब्द छापील पानावरून घराघरांत बोलले जाऊ लागले, त्यात त्या आवाजांचा मोठा वाटा आहे. २०२३ च्या आयपीएलला जिओसिनेमाने बारा भाषांत समालोचन दिलं, त्यात मराठी होती. म्हणजे मराठीतून क्रिकेट ऐकणारे आहेत, हे बाजारानेही मान्य केलं आहे. देशांतर्गत सामन्यांचं म्हणाल तर आकाशवाणीने सप्टेंबर २०१९ मध्ये मंडळाशी दोन वर्षांचा करार केला होता, त्यात भारताच्या मायदेशातल्या सामन्यांबरोबर रणजीचाही समावेश होता. खासगी एफएमलाही वाट पूर्ण बंद नाही. २०११ च्या धोरणाने त्यांना एरवी खेळांचं थेट प्रसारण नाकारलं, पण स्थानिक स्वरूपाच्या क्रीडा सामन्यांच्या थेट समालोचनाला मुभा ठेवली. थोडक्यात, भाषा आहे, आवाजाचा वारसा आहे, कराराचा दाखला आहे.

इथे एक जुना आक्षेप येतो: घरबसल्या ऐकायला मिळालं तर मैदानावर कोण येईल? अमेरिकेतल्या बेसबॉलवाल्यांना हीच धास्ती होती. पिट्सबर्गच्या केडीकेए केंद्राने ५ ऑगस्ट १९२१ रोजी पहिल्यांदा बेसबॉलचा सामना रेडिओवरून ऐकवला. तरी न्यूयॉर्कच्या तिन्ही संघांनी १९३४ ते १९३८ अशी पाच वर्षं एकमताने रेडिओ बंद ठेवला. १९३९ मध्ये ब्रुकलिन डॉजर्सनी ही बंदी मोडली आणि बाकीच्यांना मागोमाग यावं लागलं. पुढे हाच संघ १९५८ मध्ये लॉस एंजेलिसला गेला, तेव्हा तिथल्या अवाढव्य मैदानात बसलेले प्रेक्षक ट्रान्झिस्टर घेऊन यायचे आणि डोळ्यांसमोरचा खेळ विन स्कली यांच्या तोंडून ऐकायचे. स्कलींनी ६७ हंगाम त्या एका संघाचं समालोचन केलं. आवाजाने प्रेक्षक पळवले नाहीत, प्रेक्षक घडवले. आणि जामठ्याच्या साखळी सामन्यात मुळात खुर्च्या रिकाम्याच असतात. रेडिओमुळे तिथून कुणी उठून जाईल, ही भीती बाळगण्याइतकी गर्दी तरी कुठे आहे?

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: चार दिवसांचा सामना आज ऐकणार कोण? इंग्लंडमधल्या काउंटी क्रिकेटकडे पाहावं. तिथेही चार दिवसांचेच सामने, तिथेही ओस स्टँड. तरी अठराही काउंट्यांच्या सामन्यांचं चेंडूगणिक समालोचन बीबीसीची स्थानिक केंद्रं ऐकवतात. अनेक काउंट्या मैदानात कॅमेरे लावून, त्या चित्राला हाच रेडिओचा आवाज जोडून, इंटरनेटवरून सामना मोकळा दाखवतात. चित्र साधं, पण आवाज घरचा. ऐकणारा आधी जमला आणि मग समालोचन सुरू झालं, असं कुठेच घडलेलं नाही. आवाज रोज येत राहिला की ऐकणारा जमतो. २०२५ च्या अंतिम सामन्यात विदर्भाची ३ बाद २४ अशी अवस्था असताना दानिश मालेवार आणि करुण नायर यांनी २१५ धावांची भागी रचली. शेवटी करंडक ठरला तो पहिल्या डावातल्या अवघ्या ३७ धावांच्या आघाडीवर. पाच दिवस उलगडत गेलेली ही गोष्ट ऐकायला कंटाळवाणी आहे, असं म्हणणाऱ्याने गोष्ट नीट ऐकलेली नसते.

राहिला खर्च. सातपैकी तीन किंवा चार सामने घरच्या मैदानावर होतात. म्हणजे साखळीत आकाशवाणीच्या नागपूर केंद्राला वर्षाकाठी बारा ते सोळा दिवस दोन समालोचक, एक गुणलेखक आणि एक आवाजाची जोडणी एवढंच लागेल. अकोला आणि यवतमाळची केंद्रं तोच आवाज पुढे देऊ शकतात, न्यूजऑनएअर ॲपवरून तो पुण्यात किंवा परदेशात गेलेल्या वऱ्हाडी माणसापर्यंतही जाईल. हक्क खासगी कंपनीकडे आहेत, ही अडचण खरी. पण जे सामने ती दाखवतच नाही, त्यांचा आवाज मोकळा करायला मंडळाचं काय जातं? फेब्रुवारी १९९५ मध्ये, हिरो चषकाच्या प्रक्षेपणावरून सुरू झालेल्या वादातच, सर्वोच्च न्यायालयाने हवेतल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचं ठरवलं आणि त्यांचा वापर लोकहितासाठी व्हावा असं सांगितलं. त्या लहरी धनजच्या वावरावरूनही जातात. तिथे कापूस वेचणाऱ्या बाईने किंवा तिच्या पोराने ‘विदर्भाची मॅच कुठं लागते’ असं विचारलं, तर आज एक ॲप, एक वर्गणी, एक निवडक यादी आणि एक ‘बहुतेक’ एवढं सांगावं लागतं. वर्षातले ते बारा-सोळा दिवस तरी याचं उत्तर एका शब्दात देता यायला हवं: रेडिओवर.